आत्याचा परवाना

परक्या घरांना माझ्या आत्याएवढा जीव लावणारं माणूस अख्ख्या भंडारा जिल्ह्यात सापडायचं नाही. पवनीतले जे घरमालक नागपूर-पुण्याला जाऊन बसले, त्यांच्या घरांच्या किल्ल्या आत्याच्या कमरेला. भाडेकरू शोधणं, कौलं फेरून घेणं, प्लंबरशी भांडणं, सगळं तिच्याकडे. घर पाहायला आलेल्या माणसाला ती आधी जेवू घालते. ताटात भात टाकणारा नापास. भिंतीत खिळा दिसला की, "तुह्या पाठीत ठोकू का?" म्हणून विचारते, आणि त्याच भाडेकरूला ताप आला की पेज घेऊन दारात हजर.

अशा आत्याला पुण्याच्या एका मालकानं फोनवर सांगितलं, "यापुढे इस्टेट एजंटचा परवाना असलेल्या माणसाकडेच घर सोपवणार. प्रशिक्षण घ्या, परीक्षा द्या, नाहीतर किल्ल्या नागपूरच्या एजंटला देऊन टाका."

"मी काय घर पळवून नेऊन राहिली का?" आत्या आठवडाभर तणतणली. शेवटी त्याच घरात भाड्यानं राहणारी, सरकारी दवाखान्यातली सिस्टर म्हणाली, "आत्या, मी शिकवते तुम्हाले." एजंट आला तर आपलंही बिऱ्हाड हलेल, ही तिला धास्ती. परीक्षा कॉम्प्युटरवर होती, म्हणून ड्युटीवरून आली की ती आत्याला माऊस धरायला शिकवी, आणि आत्या भाजी निवडता निवडता भाडेकराराचे नियम घोकी. 'भाडेकरूच्या घरात जाण्यापूर्वी काय करावे?' याचे चारही पर्याय तिला पटेनात. "दारातून हाक मारावं, अजून काय!"

पहिल्या खेपेला आत्या नापास झाली. सिस्टर रडली, आत्यानंच तिला चहा करून दिला. पुढच्या खेपेला मात्र पास झाली आणि परवाना घेऊन सगळ्या घरांत फिरून आली, रिकाम्या घरांतसुद्धा.

मग सिस्टरची बदली झाली, थेट गडचिरोलीकडे. सामान चढवताना आत्या तिच्यावर नुसती खेकसत होती.

मागच्या महिन्यात मी पवनीला गेलो होतो, तेव्हा एक जोडपं सिस्टरनं सोडलेलं ते घर पाहायला आलं. भली माणसं. त्यांना घर आवडलं. आत्या म्हणाली, "इथं मच्छर लय आहेत. पाणीबी चढत नाही." जोडपं निघून गेलं.

"आत्या, पाणी तर चांगलं येतं. मालकाला काय सांगशील?"

आत्या कुलूप लावत होती. बराच वेळ लावत होती.

"थांब म्हणीन थोडं," ती म्हणाली. "सिस्टरची बदली वापस होऊ शकते ना, बाबू?"