भोंग्यावरचं दूध

सोलापुरात आमच्या दारावरून सुया-बिबे विकणारी एक बाई रोज जायची. तिचं नाव मी कधी विचारलं नाही.

आमचं तान्हं बाळ सारखी जीभ बाहेर काढायचं. बाहेरची बाधा म्हणून माझ्या आईनं त्याच्या पोटावर बिब्याच्या गरम तेलाचा डाग द्यायचं ठरवलं आणि त्या बाईला हाक मारली. बिबा कशाला हवा ते ऐकताच तिनं पाटी पदरानं झाकली. करंगळी धुऊन बाळाच्या ओठांना लावली. बाळ ती लुटुलुटु चोखू लागलं.

"लेकरू भुकेलंय की! पाजत न्हाय व्हय?"

मी ऐटीत म्हणालो, "ठरल्या वेळीच पाजावं, असं पुस्तकात लिहिलंय. गिरणीचा भोंगा झाला की पाजतो."

"भोंग्याला पोट हाय व्हय? जीभ आत जाईना, दूध गिळंना, अंग ढिलं पडलं, तर डाक्टर गाठा. भुकंला कसला डाग देता?"

एकही बिबा न विकता ती तरातरा निघून गेली.

चार बुकं शिकलेल्या माझी मला आजही चीड येते. दाराआड बायको उभी होती. तिची चोळी दुधानं भिजली होती, आणि तिला आम्ही कुणी विचारलंच नव्हतं.