मोहाच्या तेलाची भूक

एक ग्रॅम तेलाचा पुरता साबण व्हायला पोटॅशियम हायड्रॉक्साइड किती मिलिग्रॅम लागतं, तो आकडा म्हणजे त्या तेलाचं साबणीकरण मूल्य. ही व्याख्या मी मुंबईला कॉलेजात इंग्रजीतून घोकली, परीक्षेत जशीच्या तशी उतरवली आणि पूर्ण मार्क घेतले. तिचा अर्थ मात्र शहापूरला येऊन, शेणवे गावाच्या वाटेवरच्या एका वाडीत कळला. कळला म्हणजे थोबाडीत बसल्यासारखा कळला.

साठ सालानंतरची ती पहिली वर्षं. मी मूळची मुरबाडची. बी.एस्सी. होऊन शहापूरच्या एका शाळेत शास्त्र शिकवायला लागले होते आणि एका खोलीत एकटी राहत होते. तालुक्यात शास्त्राची पदवी घेतलेली बाई तेव्हा मी एकटीच असावी, आणि हे मी कुणाला विसरू देत नसे. स्वभाव आधीच तापट, त्यात पदवी ताजी. ताजी पदवी म्हणजे ताजा चुना, हात लावला की भाजतो.

माझ्याकडे दर तीन दिवसांनी लाकडाची मोळी घेऊन एक बाई यायची. वाडी शेणव्याच्या अलीकडे, रस्ता सोडून माळावर; दहा-बारा झोपड्या, जमीन कुणाच्याच नावावर नाही. मोळी विकणं हे तिचं मधल्या काळातलं काम. खरं पोट होतं ते पावसाळ्यातल्या भातलावणीवर. त्या पंधरा-वीस दिवसांत नवराबायको मिळून मजुरीचं जे भात आणतील, त्यावर संक्रांतीपर्यंत चूल पेटायची. ते संपलं की सगळी वाडी वीटभट्ट्यांवर निघून जायची. वयानं ती माझ्याहून दहा वर्षांनी तरी मोठी, पण मी तिला अगं-तुगं करायची आणि ती मला बाई म्हणायची. तेव्हा मला त्यात काही वावगं वाटलं नाही.

एकदा धुण्याच्या दगडावर साबणाची चपटी झालेली कपची पडली होती. मोळी उतरवून ती म्हणाली, ‘‘बाई, ही टाकनार असाल त मी नेऊ?’’

मी विचारलं, ‘‘घरी साबण नाही?’’

‘‘आमचा साबन चुलीत,’’ ती हसली. ‘‘राखेचं पानी करतो नि धुतो.’’

मी तिला कपची दिली नाही. म्हटलं, ‘‘कपची कशाला, अख्ख्या वडीनं धू. तुमच्याच तेलाचा साबण करून देते.’’ वाडीत प्रत्येक घरी मोहाचं तेल असायचं. बिया बायका रानातून गोळा करत, घाण्यावरून तेल काढून आणत. दिव्याला तेच, भाजीला तेच, अंगाला तेच. तेल घरात असताना राखेनं कपडे घासायचे, हे माझ्या डोक्याला पटेना. नऊ घरांनी मिळून उरलेलं पाच शेर तेल मला दिलं. त्यातला मोठा वाटा मोळीवालीचा होता.

आता साबण करायचा तर आधी मोहाच्या तेलाचं साबणीकरण मूल्य माहीत हवं. ते का, हे सोपं करून सांगते, कारण सगळं रामायण त्यातच आहे. तेलाला क्षाराची, म्हणजे पोटॅशियम हायड्रॉक्साइड किंवा कॉस्टिक सोडा असल्या पदार्थाची, भूक असते. दोघं एकमेकांत मुरतात तेव्हा साबण होतो. पण प्रत्येक तेलाची भूक वेगळी. कमी क्षार दिला तर तेल उरतं, साबण तेलकट होतो. जास्त दिला तर क्षार उरतो, आणि उरलेला क्षार उपाशी माणसासारखा पुढ्यात येईल ते खातो. भूक मोजायची रीत अशी की थोड्या तेलाला मोजून क्षार द्यायचा, उकळून पुरतं खाऊ द्यायचं आणि उरलं किती ते काचेच्या नळीतून थेंबाथेंबानं आम्ल सोडून मोजायचं. नळी शाळेत होती. क्षार मी कल्याणहून आणणारच होते. अडलं ते स्पिरिटपाशी. ह्या मोजणीत क्षार स्पिरिटमध्ये विरघळवावा लागतो, नाहीतर त्याचं आणि तेलाचं जमत नाही.

ते दारूबंदीचे दिवस होते. शाळेला स्पिरिटची बाटली हवी तर कचेरीत अर्ज करून परवानगी घ्यावी लागे. आणि आमच्या भागात मोहाच्या झाडाकडे अंमलदार झाड म्हणून बघतच नसत, दारूचा गुत्ता म्हणूनच बघत. मी अर्जात कारण लिहिलं, मोहाच्या तेलाची परीक्षा. मोह आणि स्पिरिट एकाच ओळीत! कारकुनानं अर्ज दोनदा वाचला, माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं आणि म्हणाला, ‘‘बाई, हा वर पाठवावा लागेल.’’ वर गेलेली गोष्ट खाली कधी येते ते सांगायला नको.

मी थांबायला हवं होतं. थांबले नाही. माझ्या कॉलेजच्या वहीत एका तेलाचा आकडा होता, नारळाच्या. अडीचशेच्या वर. आम्ही प्रयोग नारळावर केला होता म्हणून तेवढाच माझ्यापाशी होता. मग मी मनाशी विचार केला, नारळाचं तेल थंडीत थिजतं, मोहाचंही थिजतं. म्हणजे दोघं भावंडंच असणार. जे माणसांच्या बाबतीत मी कधी केलं नसतं, ते तेलाच्या बाबतीत केलं. तोंडावळा बघून भूक ठरवली.

मे महिन्याच्या सुट्टीत कल्याणहून कॉस्टिक सोड्याचा डबा घेतला आणि आसनगाव स्टेशनवर उतरून शहापूरपर्यंत मांडीवर धरून आणला. वाडीत लोखंडी कढई मांडली. कागदावर ग्रॅम, बाजारात शेर. आकडेमोड तेवढी मी डोळ्यांत तेल घालून केली. आकडाच दुसऱ्याचा होता, त्याला आकडेमोड काय करणार? बायका भोवती बसल्या होत्या. मी ढवळत होते आणि तोंडानं शिकवत होते. घट्ट झाल्यावर खोक्यात पळसाची पानं अंथरून ओतला. दुसऱ्या दिवशी कापला तर एकेका वडीवर पानाच्या शिरा उमटलेल्या. मला इतका अभिमान वाटला की मी एक वडी नुसती हातात घेऊन बसले.

तीन आठवडे वड्या सुकवल्या. वर पांढरी भुकटी आली होती, ती मी फडक्यानं पुसून टाकली. वाटप करायला गेले तेव्हा मोळीवालीनं वडी उचलली आणि टोकाला जीभ लावली.

‘‘बाई, चावतं,’’ ती म्हणाली.

मी कडाडले. ‘‘तोंडात काय घालतेस? विष असतं ते! प्रयोगशाळेत कुठलीही वस्तू कधी चाखायची नसते.’’

‘‘आमी राखेचं पानी असंच बगतो,’’ ती हळूच म्हणाली. ‘‘जिभेला चावलं त आनखी पानी घालायचं. तवा हाताला नाय लागत.’’

‘‘हे राखेचं पाणी नाही. हा मोजून केलेला साबण आहे.’’

तिनं जीभ पदरानं पुसली. बाकीच्या आठ जणींनी वड्या आढ्याला खोचल्या, पाहुणे आले की काढू म्हणून. साबण वापरला तो एकटीनं. बाईंनी आपल्यासाठी केला म्हणून तिनं ओढ्यावर दोन दिवस घरातली चिंधीन् चिंधी धुऊन काढली.

पुढे ती मोळी घेऊन आलीच नाही. आठवडा गेल्यावर मीच वाडीवर गेले. ती अंगणात बसली होती, हात मांडीवर उताणे टाकून. बोटांची कातडी सोललेली, पेरांना चिरा, तळवे लालबुंद. त्यावर तिनं मोहाचंच तेल चोळलं होतं.

‘‘कशानं झालं गं?’’ मी विचारलं, जसं मला ठाऊकच नव्हतं.

‘‘धुताना हात बुळबुळत व्हतं. कितीबी धुवा, बुळबुळ जाय नाय. मंग आग सुटली.’’

क्षार बोटांना बुळबुळीत का लागतो, हे आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवलं होतं. तो कातडीतल्या तेलाचा साबण करतो. मोहाच्या तेलाला भागून उरलेला माझा क्षार दोन दिवस तिच्या हातांचं तेल खात होता.

लावणी आठ-दहा दिवसांवर आली होती. शेणव्याचा एक शेतकरी दरवर्षी त्या दोघांना लावणीला बोलवायचा. हे हात चिखलात घातले तर चिघळणार, आणि पहिल्या दिवशी बांधावर दिसली नाही तर तो दुसरी बाई घेणार. वर्षाचं भात त्या दोन पंजांवर होतं आणि त्यांची मी ही दशा केली होती.

तेवढ्यात शेजारीण आली आणि म्हणाली, ‘‘हिलाच अक्कल नाय, बाई. तुमी सांगितलंत तसं नाय केलं हिनं. लय वेळ घासत बसली.’’

मोळीवालीनं मान हलवली. ‘‘माजीच चूक झाली, बाई.’’

खरं सांगते, क्षणभर मला हायसं वाटलं. मला कुणी बोल लावला नव्हता. मी नुसती मान हलवली असती तर गोष्ट तिथंच मिटली असती आणि माझी पदवी सोवळ्यात राहिली असती. त्या एका क्षणाची मला अजून लाज वाटते. मग मी तिच्या समोर जमिनीवर बसले आणि म्हटलं, ‘‘चूक तुझी नाही. माझी आहे. तेल मोहाचं होतं आणि मी सोडा घातला नारळाच्या हिशेबानं. जास्त पडला. तो उरला, तो तुझ्या हातांना लागला.’’

तिनं आपल्या तळव्यांकडे पाहिलं.

‘‘म्हंजे मी बोलली ते खरं व्हतं? चावत व्हतं?’’

‘‘खरं होतं.’’

‘‘मंग तवा कशाला गप केलंत मला?’’

बाकीच्या आठ घरांतल्या वड्या मी त्याच दिवशी परत गोळा केल्या. तशीच शेणव्याला जाऊन त्या शेतकऱ्याला गाठलं, म्हटलं, तिची जागा ठेवा, दोष माझा आहे. माणूस वाईट नव्हता. म्हणाला, ‘‘बाई, मी थांबंन, पन आवण थांबतंय का?’’ आवण म्हणजे भाताची रोपं. ती वाढली की कुणाच्या हातांची वाट बघत नाहीत. नवरा एकटा लावणीला गेला. ती गेली शेवटच्या चार दिवसांना, बोटांना चिंध्या गुंडाळून. त्या साली त्यांच्या घरी भात निम्म्याला आलं. मी दोन वेळा तांदूळ घेऊन गेले, तिनं दोन्ही वेळा परत पाठवले.

स्पिरिटची परवानगी आली नवरात्राच्या सुमाराला. बाटली एवढीशी, कागद हातभर. शाळा सुटल्यावर मी एकटीनं मोजणी केली, एकदा नाही, पाच वेळा. मोहाच्या तेलाचा आकडा एकशे नव्वदच्या आसपास आला. नारळाच्या कितीतरी खाली. सोडा तिसऱ्या हिश्श्यानं जास्त पडला होता. आकडा वहीत लिहिला आणि तिथंच बाकावर रडले. एवढा एक आकडा काढायला मी चार महिने थांबले असते, तर काय बिघडलं असतं?

मग नव्या आकड्यानं थोडा साबण केला, भूक पुरती भागणार नाही इतका हात राखून. दिवाळीआधी वाडीवर नेला. एरवी संक्रांतीपर्यंत रेटणारं तिचं घर ह्या वेळी दिवाळी होताच भट्टीवर निघणार होतं. भात संपत आलं होतं. मी वडी पुढे केली. तिनं हात पुढे केला नाही.

‘‘पयलं तुमी,’’ ती म्हणाली.

प्रयोगशाळेत काही चाखायचं नसतं हे मुलांना ओरडून सांगणाऱ्या मी वडीला जीभ लावली. कडवट, पण चावलं नाही. तसं सांगितलं.

‘‘जिभेचं घटकाभर असतं. आठ दिस तुमी धुवा ह्यानं. मंग हात दाखवा.’’

आठ दिवस मी त्या साबणानं धुतलं. माझं धुणं संपलं तेव्हा घरमालकिणीच्या गोधड्या मागून घेतल्या. ती बिचारी घाबरून विचारायला लागली, बाई, तुमचं बरं आहे ना?

नवव्या दिवशी गेले तेव्हा तिची बोचकी बांधून झाली होती. तिनं माझे हात हातात घेतले. तिच्या तळव्यांवर नवी कातडी आली होती, जुनीपेक्षा फिकी. तिनं माझे पंजे उलटेसुलटे केले, बोटांच्या बेचक्या फाकवून बघितल्या, अंगठ्यानं दाबून बघितलं.

‘‘हे हात लावनीला नाय चालायचं,’’ ती म्हणाली. ‘‘लय मऊ. पन भाजलेलं नाय.’’

मला हसू आलं आणि त्याच दमात डोळे भरून आले. तिनं माझे हात सोडले, मागच्या खेपेला मी चुलीपाशी ठेवून गेलेली वडी उचलली आणि माझ्याकडे बघत बघत तिच्या टोकाला जीभ लावली. ह्या वेळी मी तोंडातून शब्द काढला नाही. ती काय सांगते त्याची वाट बघत उभी राहिले.

‘‘नाय चावत,’’ ती म्हणाली आणि वडी पदराच्या गाठीत बांधली.