रेडीपर्यंत आणि परत

पंच्याहत्तरी उलटलेल्यांना एसटीच्या लाल गाडीचा प्रवास फुकट झाला तेव्हा माझ्या वडलांना आनंद नाही झाला, राग आला. तोंडवलीच्या किनाऱ्यावर जन्मभर होडी चालवलेला माणूस. "माका कोणाचा फुकट नको," म्हणाले आणि विषय संपवला. कार्ड काढायला मी त्यांना मालवणला नेलं ते जवळजवळ ओढत. मी तिथे शाळेत शिकवते. हट्टी पोरांना वळवायची मला सवय आहे, पण बाबांपुढे माझी मात्रा चालत नाही. फोटो काढताना त्यांनी मुद्दाम तोंड वाकडं केलं, त्यामुळे कार्डावर ते कुणाशी तरी भांडायला निघाल्यासारखे दिसतात. कार्ड आलं आणि खुंटीवरच्या पिशवीत पडून राहिलं. मीही नाद सोडला.

मग एका गुरुवारी शाळेत जाताना ते मला मालवणच्या स्टँडवर दिसले. इस्त्रीचा सदरा, डोक्याला तेल, खिशात कार्ड.

"बाबानू, खंय चाललास?" मी विचारलं.

"वेंगुर्ल्याक," ते दुसरीकडे बघत म्हणाले. "थंय बाय येतली."

बाय म्हणजे त्यांची मोठी बहीण, माझी आत्या, रेडीला दिलेली. मी जागच्या जागी उभी राहिले. त्या दिवशी शाळेत उशीर झाला आणि मला त्याचं काही वाटलं नाही.

यात एवढं काय, असं कुणालाही वाटेल. आत्याचं पहिलं बाळंतपण होतं तेव्हाची गोष्ट आहे. पहिलटकरीण माहेरी यायची, ही आमच्याकडची रीत. तिच्या सासूसासऱ्यांनी तिला पाठवली नाही, घरात कामाला माणूस नाही म्हणून. मूल जन्मलं आणि त्याच दिवशी गेलं. निरोप आला तसे माझे आजोबा थेट ग्रामदेवतेच्या देवळात गेले आणि देवापुढे नारळ ठेवून त्यांनी आण घेतली: त्या घराचा उंबरठा ओलांडणार नाही, त्या घरचं पाणी पिणार नाही, मी नाही, माझा मुलगा नाही, माझ्या घरातलं कोणी नाही. आमच्या भागात माणसं कोर्टाचा निकाल विसरतात, देवळातली आण विसरत नाहीत. सासरच्यांनीही मग तिला माहेर तोडलं. ज्यांच्यावर राग होता ते सासूसासरे गेले, आजोबा गेले. आण तेवढी राहिली.

त्यामुळे ही भावंडं जन्मभर भेटली ती तिसऱ्याच ठिकाणी. कुणाच्या लग्नात, कुणाच्या मयताला, कधी कुणकेश्वरच्या जत्रेत गर्दीत उभ्या उभ्या. माझं लग्न झाल्यावर मी त्या आणेतून सुटले, असं मला सांगण्यात आलं. आता मी दुसऱ्या घरची. म्हणजे मी आत्याकडे जाऊन पोटभर घावणे खाऊन यायची आणि तिच्या पाठच्या भावाला मात्र तिथला पाण्याचा घोट वर्ज्य. मला याची भयंकर चीड यायची. बाबांशी मी कितीदा वाद घातला. "देवासमोरची गोष्ट आसा ती," एवढंच ते म्हणत, आणि उठून जात.

आता आत्याला अडवणारं कुणी नव्हतं, पण तोंडवलीपर्यंत गाड्या बदलत यायला तिचे गुडघे राजी नव्हते. वेंगुर्ल्यापर्यंत एक गाडी सरळ होती आणि तिलाही कार्ड मिळालं होतं. तिनेच निरोप धाडला, गुरुवारी वेंगुर्ल्याला ये म्हणून. फुकटचं नको म्हणणाऱ्या माझ्या बापाने मुकाट्याने खुंटीवरची पिशवी काढली.

दिवाळीच्या सुट्टीत मी एकदा त्यांच्याबरोबर गेले. वेंगुर्ल्याच्या स्टँडवर आत्या आधीच येऊन बसली होती. दोघं बाकावर थोडा वेळ बसली, मग रेडीच्या गाडीत चढली, शेजारी शेजारी. मला मागच्या सीटवर बसवलं. आत्याचं कार्ड साखरेच्या पिशवीत गुंडाळलेलं होतं. ते तिने सावकाश सोडवून नव्या कंडक्टरपुढे दोन्ही हातांनी धरलं. त्याने ते मशीनला लावलं, तिचा थांबा विचारला, तिकीट दिलं. मग बाबांकडे वळला.

"आजोबानू, खंय उतरतलास?"

"खंय नाय."

"तसा कसा? मशीनीत गावाचा नाव घालूक व्हया."

"मगे रेडी घाल. माका उतरूचा नाय. ह्याच गाडयेन परत येवचा आसा."

कंडक्टरने माझ्याकडे बघितलं. त्याने रेडी घातलं. पुढे तो ओळखीचा झाला आणि विचारेनासा झाला.

आरवली, शिरोडा, दोघं बोलत होती. मी कान देऊन ऐकत होते, इतक्या वर्षांचं काय साठलं असेल म्हणून. पण त्यांचं चाललं होतं ते असं, की यंदा काजूला मोहर कसा येईल, अमक्याची सून कशी आहे, बांगडा आता पूर्वीसारखा लागत नाही. आत्याने स्टँडवरून केळी आणि पाण्याची बाटली विकत घेतली होती. घरून काही आणलं तर भाऊ तोंडात घालणार नाही, हे तिला ठाऊक होतं. मध्येच तिने केळं सोलून त्यांच्या हातात दिलं आणि त्यांनी ते लहान मुलासारखं खाल्लं. गाडीला उंबरठा नव्हता. मला मागे बसून रडू आलं, आणि रडण्यापेक्षाही राग आला.

रेडीच्या अलीकडे तिचा थांबा. उतरल्यावर ती रस्त्याच्या कडेला थांबली, पदर सावरला. तिचं घर तिथून दिसतं, चार माडांच्या पलीकडे. बाबा काचेतून घराकडे न बघता तिच्याकडे बघत होते. गाडी हलली. शेवटच्या थांब्यावर सगळे उतरले, आम्ही दोघं तशीच बसून राहिलो, आणि त्याच गाडीने परत आलो. तिच्या थांब्यावर ती अजून उभी होती. तिने हात वर केला.

असे गुरुवार बरेच झाले. बाबांच्या वागण्यात फरक पडला होता. स्वतःहून फोन करायचे, हसायचे. मग पावसाळ्याच्या तोंडाशी आत्या अंगणात पडली. खुब्याचं हाड मोडलं. डॉक्टरांनी या वयात ऑपरेशन नको म्हटलं आणि तिला घरी आणून खाटेवर ठेवलं. आतेभावाने मला फोन केला. "मामाक घेवन ये गो," तो म्हणाला. "आमच्याकडसून कोणाचीच आडकाठी नाय. ती सारखी वाट बघता."

मी बाबांना सांगितलं. दुसऱ्या दिवशी ते देवळात गेले. आण ज्या देवापुढे घेतली, त्यानेच ती सोडवायची असते. त्यासाठी गाऱ्हाणं घालून कौल मागावा लागतो. पुजाऱ्याने देवाच्या पाषाणावर फुलांच्या पाकळ्या चिकटवल्या. उजवीकडची पडली तर देवाचा होकार. गावकऱ्यांनी गाऱ्हाणं घातलं, सगळ्यांनी 'होय म्हाराजा' म्हटलं, आणि बाबा हात जोडून उभे राहिले. एकही पाकळी हलली नाही. बराच वेळ थांबून शेवटी गावकऱ्यांनी सांगितलं, देव आज बोलत नाही, जत्रा झाली की पुन्हा विचारू. जत्रा पाऊस सरल्यावर. देवाला घाई नसेल, आत्याला होती. मी देवळाच्या पायरीवर हे मोठ्याने बोलले, आणि चारचौघांत बाबांनी मला गप्प केलं.

पण गुरुवार त्यांनी सोडला नाही. आत्या येणार नाही हे माहीत असून ते वेंगुर्ल्याला जात, कार्ड दाखवून रेडीच्या गाडीत बसत. तिच्या थांब्याजवळ काच सरकवून घराकडे बघत. शेवटपर्यंत जात आणि त्याच गाडीने परत येत. मला हे त्या कंडक्टरकडून कळलं. तो मालवणचाच, त्याची मुलगी यंदा माझ्या वर्गात. "बाई, आजोबा पावसात भिजतात खिडकी उघडून, मागची माणसं ओरडतात," तो म्हणाला. "मला काही बोलवत नाही."

पुढच्या गुरुवारी मी रजा टाकली आणि त्यांच्याबरोबर निघाले. आतेभावाचा पुन्हा फोन आला होता; आत्याचं खाणं सुटत चाललं होतं. मी ठरवलं होतं, वाटेत एक शब्द बोलायचा नाही. बोलले तर भांडण होईल आणि ते उलट्या पावली घरी जातील. मालवणपासून वेंगुर्ल्यापर्यंत आम्ही दोघं दगडासारखे बसून होतो. रेडीच्या गाडीत तोच कंडक्टर होता. त्याने बाबांचं कार्ड घेतलं, मशीनला लावलं आणि न विचारताच रेडीचं बटण दाबायला गेला.

"थांब," बाबा म्हणाले. आणि त्यांनी आत्याच्या थांब्याचं नाव सांगितलं.

कंडक्टरने तिकीट फाडून त्यांच्या हातात दिलं. मी खिडकीकडे तोंड केलं.

थांब्यावर उतरल्यावर ते भराभर चालत निघाले, मला मागे टाकून. मला वाटलं, सुटलो. पण घरापुढच्या खळ्यात पोचले आणि थबकले. पायरीपाशी चपला काढल्या आणि तिथेच उभे राहिले. आतेभाऊ बाहेर आला, त्याने हात धरला, त्यांनी तो सोडवून घेतला. "हंयसूनच बोलतंय," म्हणाले. पाऊस भुरभुरत होता. दारातून आत आत्याची खाट दिसत होती. ती पार वाळून गेली होती, पण डोळे टक्क उघडे होते.

"बाय," त्यांनी बाहेरून हाक मारली, "बरा आसा मा?"

"कोण तो? भायर कित्या उभो?"

"बाय, देवान कौल दिल्यान नाय."

आत्याने श्वास गोळा केला. मग बोलली ती मोठ्याने, सगळ्या घराला ऐकू जाईल अशी.

"पोर माझा गेला रे. आण बापाशीन घेतल्यान. माका कोणी इचारल्यान?"

बाबा तसेच उभे.

"तुम्ही रागावलास, तुम्ही देवळात गेलास. मी ह्या घरात रवलंय. ह्याच घराचा पाणी पिलंय, ह्याच घरात पुढची पोरां वाढवलंय. मी तुमची कोण नाय झालंय?"

माझ्या सगळ्या वादावादीत हे कधी माझ्या मनात आलं नव्हतं. मी देवाशी भांडले, आजोबांना नावं ठेवली, बाबांना बोलले. जिचं मूल गेलं तिला यातलं काय हवं होतं, हे मीसुद्धा तिला विचारलं नव्हतं.

बाबांनी भिंतीला हात लावला. मग उजवा पाय उचलून उंबरठ्यावरून आत टाकला, नंतर डावा. ते जाऊन खाटेच्या कडेला बसले आणि त्यांनी तिचा हात आपल्या हातात घेतला. सुनेने रीतीप्रमाणे गूळ आणि पाण्याचं भांडं आणलं, पण पुढे करायचा तिला धीर होईना. आत्याने तिच्याकडून भांडं मागून घेतलं. अर्धं पाणी चादरीवर सांडलं. उरलेलं तिने भावापुढे धरलं.

त्यांनी ते घेतलं आणि घोट घोट करत सगळं प्यायले. गालांवरून पाणी ओघळत होतं, ते पुसायचंही त्यांना भान नव्हतं. मग रिकामं भांडं त्यांनी तिच्यापुढे धरलं.

"बाय," ते म्हणाले, "अजून दी."