सुमनमावशींचं नाव

मैत्रिणींनो, आज दुपारी गंगापूर रोडला सुमनमावशींची मुलगी भेटली. ऐंशीच्या दशकात मावशी टीव्हीसाठी छोटी नाटकं लिहायच्या. कॉलनीत टीव्ही फक्त आमच्याकडे, म्हणून त्या आमच्याच घरी बघायला यायच्या.

नाटक संपलं, की सेट तापू नये म्हणून मी लगेच बंद करायचे.

"अगं कॉन्व्हेंट, थांब की! नावं येऊ दे," त्या हसत म्हणायच्या; मी कॉन्व्हेंट शाळेत जायचे, म्हणून हे चिडवणं. मी कधीच थांबले नाही.

"आईच्या नाटकांच्या टेपांवर टीव्हीवाल्यांनी नंतर दुसरंच काहीतरी रेकॉर्ड केलं गं," मुलगी आज म्हणाली. "तू तरी आईचं नाव पडद्यावर पाहिलंस ना?"

मी "हो" म्हणाले.

आता टीव्ही बंद करायला उठले, तर मागून मावशींचाच आवाज येतो, "थांब की."

तुम्ही खरं सांगितलं असतं?