मेस्त्री अक्काची मिशी

बेंगळुरूच्या पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या माझ्या लेथच्या शेडमध्ये न विचारता कुणी आलेलं मला खपत नाही. नलिनाक्का सरळ आत आल्या, एक रिकामं खोकं उलटं करून भिंतीसमोर बसल्या आणि वर बघत राहिल्या. त्या दिवशी कुंभारीण माशीने कॉम्प्रेसरच्या नळीच्या तोंडात मातीचं बूच बसवल्यामुळे काम अडलं होतं. मी ऑपरेटरवर मराठीत तोंडसुख घेत होतो. इथे ते कुणाला समजत नाही, ही एक सोय. भिंतीवरच्या मातीच्या घरट्यावरून नजर न काढता बाई म्हणाल्या, "ओरडा तुम्ही. तिला कान नाहीत. मला आहेत."

आमच्या भाषेत असं उत्तर पीण्यात प्रथमच मिळालं. त्या जवळच्या छापखान्यात आल्या होत्या. माझ्या शेडबाहेरच्या गळक्या नळाखालून एका कुंभारणीने ओल्या मातीची गोळी उचलली, आणि तिच्या मागोमाग या आत. "तुमच्या गळक्या नळावर हिचं घर उभं आहे, अण्णा," त्या म्हणाल्या. मला ती तक्रार वाटली. ते कौतुक होतं.

नलिनाक्का व्यंगचित्रं काढायच्या, पण पुढाऱ्यांची नाही. किड्यामुंग्यांची आणि पाखरांची. घराणं मराठी, पण पिढ्यान्‌पिढ्या बेंगळुरूचं, वडिलांचं चिकपेटेत कापडाचं दुकान. तरुणपणी त्यांनी एका संशोधन संस्थेत किड्यांच्या पायांची आणि पंखांची चित्रं काढून दिली. ती चित्रं शास्त्रज्ञांच्या लेखांत छापून यायची, खाली यांचं नाव नसायचं. "पाय मी काढलेले, चालायचे ते," असं त्या हसत सांगायच्या. पुढे नोकरी सोडून त्या एका कन्नड वर्तमानपत्रात चित्रमालिका काढू लागल्या. हेब्बाळच्या तळ्यावरच्या पाणकोंबड्या, विजेच्या तारेवरचे वेडे राघू आणि सगळ्यांची लाडकी मेस्त्री अक्का. कन्नडमध्ये गवंड्याला मेस्त्री म्हणतात. ही मेस्त्री म्हणजे चिखल वाहून घर बांधणारी कुंभारीण. अक्कांचा नियम एकच होता: प्राणी बोलेल, टोमणे मारेल, पण जे काम तो जन्मात करत नाही, ते चित्रात करणार नाही.

मी व्यवहारी माणूस. म्हटलं, खुशाल बसा, पण बदल्यात माझ्या कामगारांसाठी सुरक्षेची चित्रं काढून द्या. घासाघीस करायची तयारी ठेवली होती. त्या नुसतं "सरी", म्हणजे ठीक आहे, म्हणाल्या आणि माझा विरस झाला.

त्यांनी पहिलं चित्र काढलं तो दिवस मी विसरलेलो नाही. सकाळभर त्या फक्त बघत होत्या. हातात ब्रश नाही, कागद नाही. मग एकदम ब्रश उचलला आणि शाईची एक रेघ डोक्यापासून निघाली, कंबरेपाशी केसाएवढी बारीक झाली आणि पोटाशी फुगली. भिंतीवरची माशी कागदावर आली होती. त्यात पदर खोचल्याचा भास होता आणि डंख मारून बेशुद्ध केलेला कोळी तिने भाजीच्या पिशवीसारखा धरला होता. खाली लिहिलं होतं, "घाई असली तरी हात यंत्रात घालू नये. मी घालते का?" एकेक करून लेथ थांबले. चालू पाळीत यंत्र थांबलं की मी पेटतो. त्या दिवशी मीही कामगारांच्या घोळक्यात उभा होतो. मी लोखंडाला आकार देत आयुष्य काढलं आहे. पण एकदा फिरवलेल्या रेघेत जीव येताना मी पहिल्यांदाच बघितला.

मग वर्तमानपत्रात नवा संपादक आला. त्याचं म्हणणं, मेस्त्री बाई कशी असेल? तिला मिशी लावा, मेस्त्री अण्णा करा, नाहीतर मालिका बंद. अक्कांचं घर त्या मालिकेवर चालायचं. मला हे समजलं तेव्हा मी त्यांना न विचारता संपादकाकडे गेलो. टेबलावर हात आपटले, दोनदा उठून दारापर्यंत गेलो, पुन्हा बसलो. शेवटी त्याला वाकवला: मिशी ठेवायची, पण मालिका रविवारी, पूर्ण पान, रंगीत. मी अक्कांच्या वतीने हातावर हात मारून शब्द दिला आणि मोठ्या ऐटीत ही बातमी अक्कांना सांगायला गेलो.

त्यांनी मला आधी कॉफी दिली. मग विचारलं, "अण्णा, शाफ्ट स्वल्प जाड झाला तर गिऱ्हाइकाला देता का?"

"मिशी म्हणजे चार केस, अक्का. त्यात काय जातं?"

"नर एक गोळी माती आणत नाही. सगळं तिने करायचं आणि मिशी त्याची? माझे पाय दुसऱ्यांच्या नावावर खूप चालले. हिचं घर मी देणार नाही."

मी मोठ्याने बोललो. माझ्या शब्दाची काही किंमत आहे की नाही, असंही म्हणालो. त्यांनी माझा कप उचलून नेला.

मालिका गेली. दुसऱ्या कुणीतरी काढलेला मिशीवाला मेस्त्री अण्णा रविवारी रंगीत झळकला, माझ्याच सौद्यातल्या पूर्ण पानावर. अक्का शाळाशाळांतून फळ्यावर चित्रं काढत फिरल्या, मानधन मिळेल तेवढं. पण माझ्याशी झालेला करार त्यांनी मोडला नाही. नवं सुरक्षाचित्र यायचंच, आणि त्यात मेस्त्री अक्का बिनमिशीची. शेजारच्या मोटार वाइंडिंगच्या कारखान्यातल्या बायका त्याच्या प्रती मागून न्यायच्या. आज पीण्यात कितीतरी यंत्रांवर ती चिकटवलेली दिसते, तेलाच्या डागांसकट.

अक्का आता नाहीत. शेवटी आजारपणात भेटलो तेव्हाही मी तो विषय काढला. तुम्ही माझा शब्द खाली पाडलात, म्हटलं. त्या म्हणाल्या, "पाडला. तुम्ही तो मला न विचारता उचलला होता." माझा राग अजून आहे.

गेल्या महिन्यात मी शेडबाहेर काँक्रीट करून घेतलं. ठेकेदाराशी प्रत्येक गोष्टीवर भांडलो. काम बघायला गेलो तर तो पाना घेऊन नळाशी बसला होता. एवढं फुकट करून देतो, म्हणाला. मी त्याच्यावर असा ओरडलो की आतले लेथ थांबले. नळाभोवतीची हातभर माती तशीच ठेवायची आणि नळ गळू द्यायचा, असं बजावलं. त्याने पाना खाली ठेवला. त्याच्या पायाशी, ओल्या मातीत, एक कुंभारीण गोळी वळत होती. माझ्या ओरडण्याने तिचं काही अडलं नाही.