एक भिंत परत करायची राहिली

पास्कू गेल्याचं मला मासळी बाजारात कळलं, आणि ते तिथेच कळायला हवं होतं. रविवारी सकाळी मालवणकडचा माणूस जिथे सापडायचा तिथेच मी होतो. हातात पिशवी, डोळा पापलेटावर आणि तोंडात घासाघीस. एवढ्यात कुणीतरी बाजाराच्या दारातून आत आलं, पहिल्या ओट्यावरच्या बाईशी काहीतरी बोललं आणि एकेक ओटा गप्प होत गेला. माझ्यासमोरच्या बाईने हातातलं पापलेट खाली ठेवलं, बालदीतलं ओलं गोणपाट पिळलं आणि सगळ्या मासळीवर पसरलं. तिच्या शेजारणीने तेच केलं, पलीकडचीनेही. बघता बघता सगळा बाजार झाकला गेला. "काय झालं गं?" मी विचारलं. "पास्कू गेला ना... तुमाला नाय म्हाईत? रातच्याला झोपेतच गेला. जरा थांबा, मंग देते." मी थांबलो. थोड्या वेळाने गोणपाटं निघाली, सुऱ्या पुन्हा चालायला लागल्या, पण मी मासळी न घेताच घरी आलो. लग्नाला पंचवीस वर्षं झाली, रिकामी पिशवी घेऊन मी बाजारातून पहिल्यांदा परतलो, आणि बायकोने पिशवीकडे बघूनच विचारलं, "कोण गेला?"

बाहेरच्या माणसाला पास्कल डिमेलोची ओळख करून द्यायची तर तो आमच्या अंधेरीच्या वॉर्डातून महापालिकेच्या तीन निवडणुका लढवून तिन्ही हरलेला अपक्ष उमेदवार. तिन्ही वेळा त्याचा पोलिंग एजंट मी. म्हणजे पराभवात माझाही वाटा आहे, तो मी कुणाला देणार नाही. पास्कू इथल्या जुन्या गावठाणातला. बापाची भातशेती होती, तिच्यावर आता सोसायट्या उभ्या आहेत. हा मरोळच्या एका कारखान्यात फिटर. सकाळी चर्च, मग कारखाना, संध्याकाळी सायकलवरून गावभर हिंडणं. उंची बेताची, आवाज मात्र असा की हळू बोलला तरी पलीकडच्या आळीत ऐकू जायचं. निवडणूक लढवायचं खूळ त्याच्या डोक्यात शिरलं ते वर्सोव्याच्या कोळणींमुळे. त्या बायका पाट्या घेऊन स्टेशनच्या रस्त्याच्या कडेला बसायच्या. वर ऊन, खाली गटार. म्युनिसिपालटीची गाडी आली की पाट्या डोक्यावर घेऊन पळायच्या, जिला पळता यायचं नाही तिची पाटी मासळीसकट गाडीत जायची. मंडईसाठी राखीव जागा नकाशात होती, प्रत्यक्षात तिच्यावर गवत उगवलं होतं. एकदा एका म्हाताऱ्या कोळणीची पाटी उचलताना पास्कूने पाहिलं, गाडीवाल्याशी भांडला, घरी आला आणि मला म्हणाला, "सावंत, मी उभा राहतोय." मला वाटलं कुठल्यातरी रांगेत.

त्याला छत्री ही निशाणी मिळाली. उन्हात बसणाऱ्या बायकांना ती फार आवडली. पैसे नव्हते म्हणून पोस्टरं नव्हती. गेरू, नीळ आणि दोन कुंचे एवढ्यावर प्रचार. पास्कू स्वतः भिंती रंगवायचा. नाव, छत्री, आणि खाली एकच ओळ: कोळणींना ओटे, ओट्यांना छप्पर. भिंतवाल्याला विचारल्याशिवाय कुंचा टेकवायचा नाही, हा त्याचा नियम. वर्सोव्यात शिरताना गल्लीच्या तोंडाशी हिराबाय नावाच्या कोळणीचं घर आहे. जिची पाटी गाडीत गेली होती ती हीच. तिची भिंत मोक्याची, नुकताच चुना दिलेली, पांढरीशुभ्र. पास्कूने विचारलं, ती "लिव" म्हणाली. निवडणूक झाली, आम्ही सपाटून आपटलो. दुसऱ्या दिवशी मी तोंड लपवून घरात बसलो होतो तर हिराबाय पास्कूच्या दारात. "मत झाला ना? मंग आता माजी भिंत मना परत दे!" दुसरा कुणी असता तर हसला असता नाहीतर चिडला असता. पास्कूने बालदी उचलली, काथ्याचा कुंचा घेतला, मला हाक मारली आणि आम्ही ती भिंत घासून, वर चुन्याचा हात मारून तिला परत केली. ते झाल्यावर पास्कूला चैन पडेना. "हिची दिली, मग बाकीच्यांनी काय पाप केलंय रे?" पुढे कितीतरी संध्याकाळी आम्ही गावभर आमचाच प्रचार पुसत हिंडलो. लोक गॅलरीतून बघायचे. जिंकलेला उमेदवार मिरवणुकीतून हात जोडत चालला होता आणि त्याच रस्त्यावर हरलेला उमेदवार स्वतःचं नाव खरवडत होता. माझी लाजेने वाट लागली. पास्कू मात्र मजेत. "भिंत मागून घेतली ना? मग परत नको द्यायला?" त्या दिवसापासून हा आमच्याकडचा रिवाजच पडला. निवडणूक हरायची आणि भिंती धुवायच्या.

दुसऱ्या निवडणुकीत आम्ही जरा शहाणे झालो असं मला वाटलं होतं. पण पास्कू नव्या सोसायट्यांमध्ये प्रचाराला गेला. शाकाहारी, शांत, दारात तुळस असलेली माणसं. मी जिन्यातच त्याला बजावलं, "इथे गटारावर बोल, दिव्यांवर बोल, मासळीचं नाव काढू नकोस." तो हो म्हणाला. पहिलंच दार उघडलं आणि हा म्हणतो, "नमस्कार. तुमच्या समोरच्या मोकळ्या जागेत मला मासळी बाजार बांधायचाय. मत द्याल?" दार बंद. दुसरं दार, तेच. खाली आल्यावर मी त्याला काय काय बोललो ते इथे छापण्यासारखं नाही. तो शांतपणे म्हणाला, "अरे यार, निवडून आल्यावर सांगितलं असतं तर त्यांना फसवल्यासारखं झालं नसतं काय?"

मतदानाच्या दिवशी मासळीला चांगलं गिऱ्हाईक होतं, त्यामुळे कोळणी दिवसभर रस्त्याकडेच्या जागेवरून हलल्याच नाहीत. मतदान संपायला थोडाच वेळ राहिला तेव्हा त्या थेट पाट्या डोक्यावर घेऊन शाळेत आल्या. मतदारांची रांग फाटकापर्यंत. आमच्या जिवाला घोर, कारण रांगेत मागे उभ्या राहिल्या असत्या तर बराच खोळंबा झाला असता. पण पाट्यांमधून पाणी ठिबकत होतं आणि त्याचा जो काही दरवळ सुटला, त्याने रांगेतली सोसायटीवाली मंडळी आपण होऊन बाजूला झाली. "पुढे व्हा बाई, पुढे व्हा... आम्हाला घाई नाही." नाकाला रुमाल लावून एकेकाने वाट दिली आणि सगळ्या कोळणी राणीसारख्या आत गेल्या. तरीही आम्ही हरलोच, पण या वेळी सपाटून नाही. भिंती धुऊन झाल्यावर पास्कू हार घेऊन निवडून आलेल्या नगरसेवकाच्या घरी गेला, त्याचं अभिनंदन केलं आणि त्याला तसाच हारासकट स्टेशनच्या रस्त्यावर घेऊन आला. "साहेब, ही तुमची पहिली फाईल," म्हणून त्याने रस्त्याकडेला बसलेल्या बायका दाखवल्या.

नगरसेवक माणूस वाईट नव्हता, पण सोसायट्यांना घाबरून होता. अखेर शाळेच्या हॉलमध्ये सभा ठरली. हॉल ठासून भरला. एकामागून एक गृहस्थ उठून वास, माश्या, पोरांचं आरोग्य यावर बोलले. चांगलं बोलले, खोटंही बोलत नव्हते. मासळीला वास असतोच, तो नाही असं मी मालवणचा असूनही म्हणणार नाही. पास्कू उठायच्या बेतात होता, तेवढ्यात मागून हिराबाय उभी राहिली. आयुष्यात कधी सभेत बोललेली नव्हती. पदर खोचला आणि म्हणाली, "वासाचा बोलता, मंग मताच्या दिवशी आमाला पुढं कशाला सोडलाव? त्या दिवशी वासानं आमचा काम केला. रोज रस्त्यावर तोच वास तुमच्या दारात येतो, त्याला नळ नको, गटार नको?" आधी हशा पिकला. मग सोसायटीतल्या जोशीबाई उठल्या, ज्यांनी आमच्या तोंडावर दार लावलं होतं त्याच, आणि म्हणाल्या, "ती बरोबर बोलतेय. नळ, गटार आणि धुवायला फरशी असली तर निदान वास चार भिंतींत तरी राहील. रस्त्यावर बसवून आपण काय मिळवलं?" एवढ्यावर सभा फिरली. ओटे रोज धुऊन निघतील, संध्याकाळी बाजार बंद होईल, दाराला जाळी बसेल, असं सगळं ठरलं. पास्कूने तोंडातून शब्द काढला नाही. बाहेर आल्यावर म्हणाला, "बरं झालं मी बोललो नाही. मी बोललो असतो तर पडलो असतो."

ओटे झाले. छप्पर मात्र राहिलं. पुढच्या अर्थसंकल्पात, मग त्याच्या पुढच्या... असं चाललं. तिसरी निवडणूक आली तेव्हा नगरसेवकाच्या पोस्टरांवर ओट्यांचं चित्र आणि खाली त्याचं नाव. माझं डोकं फिरलं. मी म्हटलं, "पास्कू, हे तू केलंस!" तो सायकलला हवा भरत होता. मान वर न करता म्हणाला, "ओटे झाले ना? बायका बसल्या ना? मग त्यावर कुणाचं नाव ते रंगवणाऱ्याला ठरवू दे." आणि तरीही उभा राहिला, छपरासाठी. तरीही हरला, ओट्यांच्या चित्रापुढे! रिवाजाप्रमाणे आम्ही बालदी घेऊन निघालो. सगळ्यांच्या भिंती परत करत शेवटी हिराबायकडे आलो. तर ती दारात आडवी. "नाय पुसायचा. वरती काय लिवलाय? ओट्यांना छप्पर. छप्पर कुठं हाय? छप्पर होऊ दे, मंग पुसा." पास्कूने समजावलं, भिंत तुझी, मी मागून घेतली होती... ती ऐकेना. नगरसेवकाचं वर्सोव्यात जाणं-येणं त्याच गल्लीने. दर वेळी गाडी तिथून वळायची तेव्हा ती ओळ त्याच्या समोर. हिराबायनेही बाकी भिंतीला दरवर्षी नारळी पौर्णिमेआधी चुना द्यायचा सोडला नाही. अक्षरांच्या कडेकडेने देत राहिली, त्यामुळे भोवतालची भिंत उजळत गेली आणि पास्कूचं नाव आणखीच उठून दिसायला लागलं. एक दिवस नगरसेवकानेच पास्कूला बोलावून घेतलं. "डिमेलो, मी छप्पर मंजूर करून आणतो, पण ती भिंत तेवढी..." पास्कू म्हणाला, "साहेब, भिंत माझी नाही हो." छप्पर आलं.

ते उभं राहिलं त्या दिवशी पास्कू मला बाजारात घेऊन गेला. काहीच केलं नाही. एका ओट्याला टेकून उभा राहिला, वर बघितलं, खाली बघितलं. बायका सावलीत बसून भांडत होत्या. "झकास," तो म्हणाला. मग बोंबील घेऊन घरी गेला. मला आयुष्यात पुष्कळ यशस्वी माणसं भेटली, पण इतकं समाधानी तोंड मी एकाचंही पाहिलेलं नाही. हरलेल्या माणसाचं तर नाहीच नाही. मला त्याचा हेवा वाटला, आजही वाटतो. त्यानंतर त्याची तब्येत कुरकुरायला लागली. सायकल सुटली, वर्सोव्याचं जाणं सुटलं. शेवटचा भेटलो तेव्हा अंगणात खुर्ची टाकून बसला होता. निघताना म्हणाला, "सावंत, छप्पर झालं. हिराबायची भिंत परत करायला पाहिजे यार." मी म्हटलं, "बरा हो, जाऊ दोघं." हसला.

पास्कूची महिन्याची मिस्सा, म्हणजे चर्चमधली प्रार्थना, झाली त्या दिवशी रोझीवहिनींनी, त्याच्या बायकोने, मला आत बोलावलं आणि कोपऱ्यातली बालदी पुढे केली. आत तो कुंचा, काथ्या झिजून बोटभर उरलेला. "तेवढं एक काम राहिलं म्हणायचा. तुम्ही कराल ना भावोजी?" मी नाही कसं म्हणणार. बसमधून बालदी मांडीवर घेऊन वर्सोव्याला गेलो. पुन्हा निवडणुकीचे वारे वाहायला लागलेत, रस्त्यावरच्या साऱ्या भिंतींवर कुंचे फिरतायत. हिराबायच्या दाराशी पोचलो तर दोन कार्यकर्ते रंगाचे डबे घेऊन तिच्याशी हुज्जत घालत होते. आता ती फार थकलीय, काठी टेकत दारात बसते, पण आवाज तोच. त्यातला एक म्हणत होता, "आजी, तो माणूस वारला. जुनं नाव आहे, आम्ही व्यवस्थित पुसून घेतो." हिराबायने आधी त्याच्याकडे पाहिलं, मग माझ्या हातातल्या बालदीकडे. सगळं तिच्या लक्षात आलं असावं. काठी उचलून तिने आम्हा तिघांनाही भिंतीपासून लांब केलं.

"भिंत रिकामी नाय," ती म्हणाली. "हितं उमेदवार उभा हाय."