ओहोटीच्या रांगेतली जागा

बदलीचा आदेश आला तेव्हा ऐन पावसाळा होता. होड्या काठावर ओढून झाकून ठेवलेल्या, दर्या बंद. सामानाचा टेम्पो आदल्या दिवशीच निघून गेला होता. मी एसटीच्या थांब्यावर उभी होते आणि भागीरथीमावशी आमच्या गाण्याच्या रांगेतल्या सगळ्या बायांना घेऊन भिजत निरोपाला आल्या होत्या. कुणी गायलं नाही. ते गाणं पावसाळ्यात गायचं नसतं. तेवढ्यात अण्णांचा मुकुंदवाडीहून फोन आला. "निघाली का? सुटली बग एकदाची," म्हणाले. वडील इतके खूश की मला रडताही येईना.

मावशी, तुम्हाला हे ठाऊक आहे. पण माझ्यासारख्या ज्या मास्तरणी कोकणातून बदली घेऊन मराठवाड्यात परतल्या, त्यांच्यासाठी सांगते. आमच्या गावात पावसाळ्यानंतर होड्या पहिल्यांदा पाण्यात जातात त्या सकाळी बाया ओहोटीला गुडघाभर पाण्यात रांगेनं उभ्या राहून गातात. लाट मागं सरली की श्वास घ्यायचा, लाट आली की सूर लावायचा. ताल समुद्राचा. रांगेत प्रत्येकीची जागा ठरलेली. ती सोडायची तर पाण्यात उभं राहून दुसरीचा हात धरून तिला द्यावी लागते. एक जरी जागा मोकळी असली तरी गाणं सुरू होत नाही.

एक कुटुंब गाव सोडून गेलं तेव्हा त्या घरच्या बाईनं जाताना पाण्यात मावशींचा हात धरून आपली जागा त्यांच्या हवाली केली. माझा आवाज विहारात वंदना म्हणून कमावलेला. शाळेच्या प्रार्थनेत मावशींनी तो ऐकला आणि मला बोलावलं. घाटावरची बाई, त्यातून आमच्यातली नाही, अशी कुरबुर झाली. मावशींनी ती ऐकून घेतली आणि मला पाण्यात नेऊन उभं केलं. मला धड पोहताही येत नव्हतं.

बदलीसाठी मी वर्षानुवर्षं अर्ज केले होते, हे खरं आहे. आई थकली होती, नवरा चिकलठाण्याच्या कंपनीत, संसार दोन टोकांना. म्हणून इथं आले तेव्हा सगळे अभिनंदन करत होते. शाळा दौलताबादच्या पुढं मिळाली. स्कूटीवरनं जाते-येते. नळाला पाणी येणार त्या दिवशी घरातली सगळी कामं पाण्याभोवती फिरतात. टाकी भरताना मी कधी तो सूर लावून बघते, पण श्वास कुठं घ्यायचा ते कळत नाही आणि मोटार बंद करायची राहून जाते.

स्नेहसंमेलनात मुख्याध्यापकांनी तेच गाणं मागितलं. मी मुलींना बसवून शिकवलं. तर म्हणाले, लई संथ वाटतं बाई, मागं जरा ढोलकीचा ट्रॅक लावा, पोरींना नऊवारी नेसवा. मी नाही म्हटलं. मग त्यांनी दुसऱ्याच बाईंकडून कोळीनाच बसवून घेतला. टाळ्या भरपूर पडल्या. घरी येऊन मी भांडी आपटली, आणि का आपटतेय ते कुणाला सांगता आलं नाही.

पहिल्या वर्षी होड्या पाण्यात सोडायचा दिवस कळवायला मावशींचा फोन आला तेव्हा मी रजेचा अर्ज दिलेलाच होता. पण मतदार यादीचं काम लागलं. साहेब हसून म्हणाले, गाण्यासाठी कुणी रजा मागतं का. मी मावशींना म्हटलं, माझी जागा तुमच्या सुनेला देऊन टाका, मी फोनवर सांगते.

"फोनार दर्यो येना नाय, बाई," त्या म्हणाल्या. "बदली सरकारान केली. आम्ही तुका काढूक नाय. जागा तुझीच आसा."

त्या सकाळी बाया पाण्यात उभ्या राहिल्या, भरती लागेपर्यंत थांबल्या आणि घरी गेल्या. होड्या गाण्याशिवाय निघाल्या. मला कुणी बोललं नाही. बोलले असते तर बरं झालं असतं.

दुसऱ्या वर्षी बिनपगारी रजा टाकून गेले. रांगेत उभी राहिले, गायले. एक कडवं संपल्यावर मावशींच्या सुनेचा, सुगंधाचा, हात धरून तिला माझ्या जागी उभं केलं आणि पाण्याबाहेर आले. बाया पुढचं कडवं गात होत्या. माझा आवाज त्यात नव्हता आणि कमीही काही वाटत नव्हतं.

घरी आले तर अण्णा ओट्यावर बसलेले. म्हणाले, "झालं ना आता? मिटलं एकदाचं."

आयुष्यात पहिल्यांदा मी त्यांच्यावर आवाज चढवला. काय मिटलं, तुम्हाला काय माहिती, असं बरंच बोलले.

"म्या बी पेटी ठिवून आलो सोयगावला," ते म्हणाले. "आमची गायन पार्टी व्हती. इथं कामाला लागलो, मग कोण गातंय? मला कुणी इचारलं नाय. तू बी नाय."

मला माहीतच नव्हतं. काय गायचात, विचारलं, तर म्हणाले आता आठवत नाय. खरंच आठवत नव्हतं की सांगायचं नव्हतं, कळलं नाही. मी चिडलेलीच होते. आता कुणावर, तेही समजेना.

घर कुठलं, असं विचारलं की मी मुकुंदवाडी सांगते. ते खोटं नाही. पण मला वाटतं, आपण पोचलो नाही तर जिथं काम अडतं, ते घर. इथं माझ्यावाचून काही अडत नाही. आणि मावशी, तुमच्याकडं अडायचं, ते मीच माझ्या हातानं मोकळं करून आले.